नाटक म्हणजे नाच नव्हे

खुशालरावांनी तबला-डग्गा गवसणीत घातला, नाडी आवळून वर गाठ मारली आणि जाहीर केलं की बाईच्या हाताखाली आपण वाजवणार नाही. घरात कोणी फारसं दचकलं नाही. खुशालराव वाजवत तेव्हाही बैठक चालायची आणि न वाजवत तेव्हाही चालायची. पण ह्या खेपेला त्यांनी झांजवाल्या नत्थुजीला आपल्या बाजूला ओढलं होतं, आणि अखाड्यातून आणलेला भीम नत्थुजीचा भाचा होता. म्हणजे खुशालराव रुसले तर भीमही घरी बसणार. कीचकाच्या आख्यानात भीमच नसेल तर कीचकाला मारायचं कोणी, हा प्रश्न आख्यान बसवणाऱ्या त्यांच्या बहिणीला, जमुनेला पडला होता.

'राव' हे त्यांचं त्यांनीच लावलेलं. शके सतराशे शहाऐंशीचं साल ते. तिकडे अमेरिकेत भाऊ भावाशी लढत होता आणि इकडे वऱ्हाडातल्या कापसाला सोन्याचे दिवस आले होते. ज्याच्या वावरात बोंड फुटलं तो राव झाला, ज्यानं त्याची गाडी अकोल्याला हाकली तोही राव झाला. मैनाबाईच्या खुशालला वाटलं, मग आपणच काय घोडं मारलं? आपण तर ह्या सगळ्या रावांच्या बैठकीत तबला वाजवतो.

मैनाबाईचं घर कलावंतिणीचं, अमरावतीच्या परकोटात. ह्या घरात लेकींनी नाचायचं आणि लेकांनी साथ करायची. चूल पेटायची ती लेकीच्या घुंगरांवर, आणि चुलीपुढे पाटावर बसून भाजीत मीठ कमी आहे हे सांगायचं काम लेकांचं. सुनांचा कायदा वेगळा. सुनेनं नाचायचं तर सोडाच, गुणगुणायचंही नाही. तिची जागा चिकाच्या, बारीक काड्यांच्या पडद्याआड. गावातल्या मोठमोठ्या खानदानी घरच्या सुना नदीवर धुणं धुवायला जात, पण मैनाबाईच्या सुनेचं नख कोणा परक्यानं पाहिलं नव्हतं, आणि हे मैनाबाई येणाऱ्याजाणाऱ्याला न विचारता सांगे. लेकी नाचवणाऱ्या घराला अब्रू कुठेतरी ठेवावी लागते. ती इथे सुनेत ठेवली होती.

आज सकाळीच सगळे माडीवर जमले. दुपारी मोर्शीकडचे महादेवराव देशमुख येणार होते. अकोल्याच्या कापूसवाल्यांपुढे जमुनेचा खेळ आपल्या खर्चानं करायचा त्यांनी कबूल केलं होतं. फक्त डवंडी कोणाच्या नावानं पिटायची ते आज ठरवून द्या, असा त्यांचा निरोप होता. म्हणजे सूत्रधार कोण, ते सांगा.

सूत्रधार म्हणजे खेळाचा धनी. तो सगळ्यांच्या आधी रंगावर येतो आणि शेवटपर्यंत तिथून हलत नाही. पदं तो म्हणतो, पात्रं त्याच्या इशाऱ्यानं येतात आणि जातात. ह्या जागेवर बाई उभी राहिलेली कोणी पाहिली नव्हती. जमुनेला तिथं उभं राहायचं होतं.

"माय, तूच सांग," खुशालराव मैनाबाईकडे वळले. "उद्या अकोल्यात डवंडीवाला वरडन, का सूत्रधार जमुना अमरावतीवाली. लोक काय समजतीन? नाच हाये समजतीन. खेळ पाहाले येतीन आन् लावणी मांगतीन."

"मांगतीन तर मांगू दे," जमुना म्हणाली. "मी कीचकच दाखवीन. भाऊ, तुह्या त्या भीमाले चालता येत नव्हतं. दरबारात आला का मांडीवर थाप मारे, जसा काही फडात उतरून राहिला. त्याले मी शिकवलं. विराट राजाले बसाले शिकवलं. कोनी कुठून यावं, कोनी कवा पाठ फिरवावी, हे सारं माह्या डोक्यातलं हाये. आन् नाव तुहं?"

"नाच असता तर मी तोंड उघडलं असतं काय? नाच तुहा, त्याच्यात मी बोलत नाई." खुशालरावांनी हे कालपासून घोकून ठेवलं होतं. "पन नाटक म्हंजे नाच नाई. नाटकात गनपती येते, सरस्वती येते. गनपती आला का देशमुखसुद्धा उठून हात जोडतीन. तुह्या नाचाले कोनी हात जोडले का कदी? हे देवाधर्माचं काम हाये. ते घुंगरू बांधलेल्या बाईनं कसं चालवावं?"

बोलणं बरं जमलं हे त्यांना स्वतःलाच कळलं. त्यांनी नत्थुजीकडे पाहिलं. नत्थुजीनं मान डोलावली. नत्थुजी झांज वाजवी आणि बाकीचा वेळ खुशालरावांचा मित्र म्हणून काढी.

सारंगीवाले अब्दुल रहीम भिंतीला टेकून बसले होते. ते अचलपूरचे. जमुना अकरा वर्षांची असताना तिच्या पायात मैनाबाईनं घुंगरू बांधले, तेव्हा पहिला सूर त्यांनीच धरला होता. "देखो बाई," ते मैनाबाईला म्हणाले, "खेल लडकी ने बनाया है. जिसने बनाया, वोइच चलाएगी. इसमें झगडा कायका?"

"उस्ताद," खुशालराव मऊ आवाजात म्हणाले, "मी सूत्रधार झालो तर सारंगी माह्या उजव्या हाताले. लोकाइच्या समोर. आन् डवंडीत तुमचं नाव, उस्ताद म्हनून. जमुनेनं तुमाले कुठं बसवलं? कनातीच्या मांगं."

हे खरं होतं. वाजवणाऱ्यांची तोंडं दिसली की लोक पात्रांकडे पाहत नाहीत, म्हणून जमुनेनं त्यांना बाजूला कनातीमागे बसवलं होतं. उस्तादांनी तेव्हा काही म्हटलं नव्हतं. आता त्यांनी सारंगीवरची धूळ फुंकली, जी तिथे नव्हती.

"वैसे देखा जाए," ते म्हणाले, "तो खुशाल की बात में भी दम है."

जमुनेनं त्यांच्याकडे पाहिलं. तिला वाईट वाटलं, पण नवल वाटलं नाही.

मैनाबाई अजून बोलली नव्हती. तिचं मन वेगळ्याच जागी अडकलं होतं. नाचणारीचे गुडघे गेले की तिनं मागं बसायचं, पान लावायचं, पुढच्या पोरीला ठेका द्यायचा. मैनाबाई अशीच बसली होती, तिची मायही तशीच बसली होती. जमुनेचे गुडघे कधीचे बोलायला लागले होते. पण ही पोरगी बसायलाच तयार नाही. नाच कमी केला तर पदातले भाव बसल्या जागी करून दाखवायला लागली. लोक डोळ्यांतून पाणी काढत. मग पोरींचे नाच स्वतः बांधायला लागली. मग अकोल्याला सांगलीकडच्या मंडळींचा खेळ पाहून आली, त्यातल्या सीतेच्या गालावर दाढीचे खुंट होते असं हसत हसत सांगितलं, आणि दुसऱ्याच दिवशी माडीवर विराटाचा दरबार मांडला. दर दोन-चार वर्षांनी हिला उभं राहायला नवीन काहीतरी सापडतं. मैनाबाईला ह्याचा राग येई. आपल्याला का नाही सापडलं, हे तिनं स्वतःला कधी विचारलं नाही.

"खुशालचं बरोबर हाये," ती म्हणाली. "नाटक म्हंजे नाच नाई. सूत्रधार खुशाल."

"माय, असं नको करू."

"तुले मनाई थोडी हाये. पोरीइले शिकव, पान लाव. आमी नाई बसलो काय?"

खुशालरावांनी गवसणीची गाठ सोडायला घेतली. ती इतकी आवळली होती की शेवटी नत्थुजीला दातांनी ओढावी लागली.

दुपारी महादेवराव देशमुख आले ते घामाघूम होऊन. त्यांनी बैलगाडीच्या चाकांना चांदीच्या पट्ट्या ठोकून घेतल्या होत्या. परकोटातल्या दगडांवर चांदी झिजते, म्हणून ते गाडी वेशीबाहेर उभी करून पुढे पायी येत. चाकं पाहायला तिकडे गर्दी जमे आणि देशमुख इकडे एकटेच उन्हातून चालत. त्यांना ह्यात काही चुकतंय असं कधी वाटलं नाही.

"मंग? नाव काय?" लोडाला टेकताच त्यांनी विचारलं.

"सूत्रधार खुशालराव अमरावतीकर," खुशालराव म्हणाले.

"बरं. आन् राक्षस किती हायेत?"

खुशालरावांनी जमुनेकडे पाहिलं. ती कोपऱ्यात बसली होती. "ह्या आख्यानात राक्षस नाई, देशमुखसाहेब," ती म्हणाली.

"असं कसं? आमच्या चिखलदऱ्याले कीचक मारला आन् त्यात राक्षस नाई? अकोल्याच्या लोकाइनं मागल्या साली राक्षस पाह्यले. तोंडातून काय आवाज काढे एकेक, पोट्टे भिऊन रडले. खेळ त्याले म्हनतात. आपन कमी पडलो तर माही काय इज्जत राह्यली?"

"दोन घालतो," खुशालराव घाईनं म्हणाले.

"चार घाला. खर्चाची फिकीर नको."

जमुनेनं डोळे मिटले. विराटाच्या दरबारात चार राक्षस कुठे बसवायचे, ह्याचा ती तशातही विचार करत होती. ती सवय तिला सुटत नव्हती.

"आन् सैरंध्री कोन हाये?" देशमुखांनी विचारलं. "द्रौपदी म्हना ना. ते पोट्टी होती ना तुमची, शकुन?"

शकुन जमुनेची मावसबहीण. तिला खामगावच्या एका कापसाच्या दलालानं घर घेऊन दिलं आणि ती गेल्या महिन्यात सैरंध्री अर्धी टाकून तिकडे निघून गेली. सगळ्या घराला हे माहीत होतं, देशमुखांना नव्हतं.

"मी करतो," नत्थुजी म्हणाला. "मिशी काढतो ना. मानूस मिशीनं थोडाच पुरुष होते."

"दाखवा बरं जरा."

प्रसंग दरबाराचा होता. राणीचा भाऊ कीचक सैरंध्रीच्या मागे लागलाय, तिनं नाही म्हटलं म्हणून त्यानं तिला लाथ मारलीय, आणि ती भर दरबारात राजाला जाब विचारायला आलीय. आपले नवरे तिथेच वेष बदलून बसलेत आणि मान वर करत नाहीत, हे तिला दिसतंय. नत्थुजीनं उपरणं डोक्यावरून घेतलं, कमरेवर हात ठेवला आणि कंबर एकीकडे काढली.

"हे राजा," तो बारीक आवाजात म्हणाला, "तुह्या मेहुन्यानं मले लाथ मारली. आता मी... आता मी कोनाकडे..." तो थांबला. "राजा," तो पुन्हा म्हणाला, आणि कंबर दुसऱ्या बाजूला काढली.

देशमुख खदाखदा हसले. त्यांना खेळ आवडायला लागला होता.

चिकाच्या पडद्याआड पार्बता बसली होती. ती खुशालरावांची बायको, बार्शीटाकळीच्या गोंधळ्याची लेक. लहानपणी बाप संबळ घेऊन उभा राही आणि आख्यान सांगताना मधेच वळून विचारी, मंग काय झालं वं पार्बते? आणि ती सांगे. लग्न होऊन ह्या घरात आली तेव्हापासून काय झालं हे तिला कोणी विचारलं नाही. शकुन गेल्यावर मात्र जमुना स्वयंपाकघरात तिच्यापुढे येऊन बसायला लागली होती. भीमाचं, राजाचं बोलणं जुळवून पाहायला समोर कोणीतरी हवं असे, आणि पार्बता भाजी चिरता चिरता सैरंध्रीचं उत्तर देई. दोघींपैकी कोणीही त्याला नाटक म्हटलं नव्हतं.

आता नत्थुजी तिसऱ्यांदा "राजा" म्हणाला, आणि पार्बताला ते सोसेना.

"आता मी कोनाकडे पाहू?" तिचा आवाज पडद्यातून आला. तो मोठा नव्हता, पण माडीभर पोचला. "तुह्या मेहुन्यानं मले लाथ मारली. तुह्या डोयासमोर मारली. तू फासे खेळून राहिला व्हता, राजा. तुह्या दरबारात मोठमोठे मानसं बसले हायेत. मले वाटलं, एकतरी उठन. कोनी उठलं नाई. एकानं त खाली पाहून फासा टाकला. मले फक्त येवढं सांग, दान काय पडलं?"

देशमुखांचं हसू तोंडावरच राहिलं. नत्थुजीनं डोक्यावरचं उपरणं हळूच काढलं.

"कोन हाये अंदर?" देशमुख लोडावरून पुढे सरकले.

"कोनी नाई," मैनाबाई म्हणाली. "सून हाये."

खुशालराव तांबडेलाल झाले. "पार्बता, तोंड बंद कर. आत जा."

"आतच हाये मी," आवाज आला. "अजून किती आत जाऊ?" आणि मग जरा थांबून, जणू हे ती बाजारातून काय आणायचं तेच सांगत होती: "सैरंध्री मी करते."

माडीवर एकदम गलका झाला. मैनाबाई म्हणाली, बुद्धी भ्रष्ट झाली हिची. नत्थुजी म्हणाला, मले काय, मी मिशी ठेवतो. उस्ताद म्हणाले, तोबा. खुशालराव पडद्यापाशी गेले, पण पडदा उचलला तर बायको देशमुखांना दिसेल म्हणून तिथेच थांबले आणि चिकाच्या काड्यांशी बोलू लागले.

"तुले लाज हाये का? ह्या घरची सून नाचत नाई, हे तुले लग्नात सांगतलं व्हतं का नाई?"

"सांगतलं व्हतं. मी नाचत नाई. पन सकाळी तुमीच म्हनले ना, नाटक म्हंजे नाच नाई. देवाधर्माचं काम हाये. आत्याबाईनं बी तेच सांगतलं, मी अंदरून आयकलं. सुनेले नाचाची मनाई हाये. देवाच्या कामाची मनाई मले कोनी केली नाई."

खुशालरावांनी वळून नत्थुजीकडे पाहिलं. नत्थुजी मिशी चाचपत होता.

देशमुख पडद्याकडे टक लावून पाहत होते, आणि मैनाबाई देशमुखांकडे. कोणाची नजर कुठे जाते आणि मागून काय मागते हे तिला पन्नास वर्षं कळत आलं होतं. घराची ठेवलेली अब्रू अशी चव्हाट्यावर निघालेली पाहून तिला खरंच भीती वाटली. अशा वेळी ती फार विचार करत नसे.

"नाटक म्हंजे नाचच," ती म्हणाली. "तोंडाले रंग लावून परक्या मानसापुढं उभं राहनं, त्याले दुसरं काय म्हनतात? मी सकाळी चुकले. नाचच हाये. सून अंदर."

"माय," खुशालराव कळवळले, "पन माहं म्हननं असं व्हतं का नाटक..."

"मंग आन बायकोले भाईर."

खुशालराव पडद्यासमोरून बाजूला झाले.

"नाच है," उस्ताद हिशेब लावत म्हणाले, "तो फिर नाच की मालकिन जमुना. सूत्रधार जमुना." ते बोलून झाल्यावर त्यांना कनात आठवली आणि त्यांनी सुस्कारा टाकला.

"हौ. जमुना सूत्रधार," मैनाबाई म्हणाली. "देशमुखसाहेब, नाव लिवा. जमुना अमरावतीवाली."

इतक्या सहज झालं ते. जमुना भिंतीला धरून उठली. दोन वर्षं जी जागा ती स्वप्नात पाहत होती ती माडीच्या मधोमध मोकळी होती, आणि ती तिला कोणी प्रेमानं नाही, सुनेला कोंडायला म्हणून देत होतं. चालेल, तिला वाटलं. दिली ना. ह्या घरात कोणाला काय प्रेमानं मिळालं आहे? ती जाऊन उभी राहिली. तिथून सगळे दिसत होते. तिला फार आनंद झाला, इतका की तिनं पडद्याकडे पाहायचं टाळलं.

"पार्बता, चुलीकडं जाय," मैनाबाई म्हणाली.

आतून बांगड्या वाजल्या. पार्बता उठली होती. जमुना बोलेल म्हणून ती क्षणभर उभी राहिली असावी, आणि जमुना बोलली नाही.

"दरबारापासून घेऊ," जमुना म्हणाली. "नत्थुजी."

नत्थुजीनं उपरणं घेतलं. "हे राजा," तो म्हणाला. मग, आत्ताच ऐकलेलं चांगलं होतं हे त्यालाही कळलं होतं म्हणून, त्यानं पार्बताचंच बोलणं घेतलं. "एकानं त खाली पाहून फासा टाकला. मले येवढं सांग, दान काय पडलं?" आणि कंबर काढली.

देशमुख पुन्हा हसले. नत्थुजीला वाटलं शाबासकी आहे, त्यानं दुसरी बाजूही काढली.

जमुना तशीच उभी राहिली. तिला पार्बताची दया आली असं म्हणणं सोयीचं होईल, पण तसं नव्हतं. दया तिला मघाशीच यायला हवी होती आणि तेव्हा आली नव्हती. तिला सोसलं नाही ते हे हसणं. अकोल्याचे लोक असेच हसतील, आणि ती त्यांच्या समोर, खेळाची धनीण म्हणून, उभी राहून ते पाहील. वाईट नाटकाची मालकीण. त्यापेक्षा पान लावलेलं परवडलं. तिला स्वतःचाच एवढा राग आला की तिचा आवाज चिरका निघाला.

"थांबा. भाऊ, तू सकाळी बरोबर बोल्ला व्हता."

"कायचं?" खुशालरावांनी संशयानं विचारलं. बहिणीनं त्यांना बरोबर म्हटल्याची त्यांना आठवण नव्हती.

"नाटक म्हंजे नाच नाई. देवाधर्माचं काम हाये. ये, उभा राहा इथं. सूत्रधार तू."

"आन् मंग... पार्बता?"

"ते सैरंध्री. तुहं म्हननं खरं असन तर दोनी खरं. खोटं असन तर दोनी खोटं. तूच सांग देशमुखसाहेबाइले."

खुशालराव विचारात पडले, पण फार खोल नाही. त्यांनी पडद्याकडे पाहिलं, मायकडे पाहिलं, मधल्या मोकळ्या जागेकडे पाहिलं.

"डवंडीत नावामागं राव लावतीन ना?" त्यांनी विचारलं.

"लावतीन."

"माय," ते गंभीर होऊन म्हणाले, "देवाधर्माच्या कामात आपन आडवं येऊ नाई."

"बह्याडा, तुही बायको हाये ते."

"सैरंध्रीले तर पाच नवरे व्हते, माय. त्याइनं बी हरकत घेतली नाई." नवऱ्यांनी हरकत न घेतल्यामुळेच काय झालं ह्यावर हे आख्यान आहे, हे खुशालरावांच्या ध्यानात आलं नाही, आणि कोणी आणूनही दिलं नाही.

"देशमुखसाहेब," जमुना म्हणाली, "सैरंध्री खेळात दिसन. खेळ संपला का चिकाच्या अंदर. तिच्याशी बोलनं नाई, बैठक नाई, नजराना नाई. हे कबूल असन तर राक्षस मी देते. कीचकाले भाऊ ढीगभर व्हते, त्यातले चार वरडतीन."

देशमुखांनी पडदा आणि राक्षस मनात तोलून पाहिले. "जोरात वरडतीन ना?"

"पोट्टे रडतीन असे."

"मंग कबूल."

मैनाबाई आता एकटी पडली होती. लेक गेला, आता कनातीमागं बसायला नको म्हणून उस्ताद गेले, आणि सून पडद्याच्या कडेला हात लावून उभी होती. हाती उरलेला शेवटचा खडा तिनं जमुनेला मारला.

"सूत्रधार तो, सैरंध्री ते. मंग तू कोन वं? त्या डवंडीत तुहं नावच नाई. दोन साल उरी फुटून काय कमावलं?"

जमुनेला लागलं ते. अकराव्या वर्षापासून ती माणसांच्या नजरेत उभी होती. नजर कशी झेलायची, कशी परतवायची हेच तिला येत होतं, आणि आता अकोल्यात तिच्याकडे कोणीच पाहणार नव्हतं. तिचे डोळे भरून आले आणि तिनं ते सगळ्यांदेखत पुसले.

"मी अंदर बसते," ती म्हणाली.

तिनं चिक उचलला. पार्बता बाहेर आली, जमुना आत गेली. दारातून जाताना दोघी एकमेकींना घासून गेल्या, आणि बोलल्या नाहीत, कारण एकीला माफी मागता येत नव्हती आणि दुसरीला अजून ती द्यायची नव्हती.

पडद्याआडून माडी वेगळी दिसत होती. जमुना पहिल्यांदाच पूर्ण दरबार एकदम पाहत होती, ज्यात ती स्वतः नव्हती. खुशालरावांनी खाकरून गणपतीचं पद उचललं. पार्बता नाकापर्यंत पदर ओढून भिंतीशी उभी होती.

"भाऊ, थांब," चिकातून आवाज आला.

खुशालराव थांबले.

"गनपती तिकडं हाये. देशमुखाइकडं तोंड करून कोनाले आळवून राहिला? पुन्ना."

खुशालरावांनी इकडेतिकडे पाहिलं. कोणी दिसत नव्हतं ज्याच्याशी भांडावं. ते वळले आणि त्यांनी पहिल्यापासून सुरुवात केली.

"उस्ताद, लय पळते, धीमी घ्या. नत्थुजी, तू विराट. बस. फासे घे. पार्बता, पदर मांगं घे, तुले ते मानसं दिसाले पाह्यजे. घाई नको करू. त्याइले आधी पाहू दे का तू आली."

पार्बतानं पदर मागे घेतला. देशमुख हसले नाहीत. दरबाराच्या मधोमध मैनाबाई बसली होती, गेली वीस वर्षं जिथं बसत होती तिथंच, तोंड फिरवून.

"माय," पडद्याआडून जमुना म्हणाली, "थोडी बाजूले सरक. सैरंध्री तिथून येते."

मैनाबाई जागची हलली नाही. खुशालराव पद म्हणायचे थांबले, उस्तादांनी सारंगीचा गज उचलून धरला, आणि सगळे तिच्याकडे पाहत राहिले. आतून पुन्हा काही आवाज आला नाही. जमुनेला घाई नव्हती.

मग मैनाबाई सरकली.